भुयारी स्टेशनचा देखावा

माझ्या वडिलांनी आयुष्यात एकच मोठी गोष्ट बांधली, आणि तीसुद्धा शेकडो माणसांच्या बरोबरीने. कलकत्त्यात जमिनीखालून रेल्वे काढायचं काम सुरू झालं तेव्हा ते तिकडे गेले, एका स्टेशनाच्या खोदकामावर, ठेकेदाराकडे ओव्हरसिअर म्हणून. मी तेव्हा पाटीवर अक्षरं गिरवत होते. ते कायमचे परत आले तेव्हा मी कॉलेजात जायच्या वयाची झाले होते. मधल्या काळात ते वर्षातून एकदा यायचे, आणि आले की पाहुण्यासारखे ओट्यावर बसायचे.

आम्ही वडखळच्या पलीकडे खाडीकडच्या गावात राहायचो. थोडी खारी शेती आणि हंगामात मिठागराचं काम. परत आल्यावर बाबा म्हणाले, आता गावात राहायचं नाही. पेणला गणपतीचे कारखाने आहेत त्या आळीत त्यांनी दोन खोल्या घेतल्या आणि आईला नि मला तिथे आणलं. आईला कोणी काही विचारलं नव्हतं. तिने भांडी लावली, चूल मांडली आणि थोड्याच दिवसांत पापड लाटायच्या कामाला जायला लागली.

आळीत बाबांना कोणी ओळखत नव्हतं. ओळख व्हावी म्हणून ते स्टेशन सांगायला लागले.

"तुमच्या पायाखाली काय आहे, सांगा बघू?" अशी त्यांची सुरुवात असे. समोरचा माणूस पिशवीत भाजी घेऊन घरी निघालेला असायचा. तो चमकून खाली बघायचा.

"माती," तो म्हणायचा.

"आणि मातीच्या खाली?"

एवढ्यावर तो माणूस अडकायचा. मग बाबा त्याला सोडत नसत. जगात सगळीकडे आधी खड्डा खणतात आणि मग भिंत बांधतात, आम्ही आधी भिंत बांधली आणि मग खड्डा खणला, असं ते म्हणत. कलकत्त्याची जमीन म्हणजे नुसता गाळ. सरळ खणायला गेलं तर दोन्ही बाजूंची घरं आत येतील. म्हणून रस्त्याच्या कडेने एक अरुंद, खूप खोल चर काढायचा, आणि जसजसा काढाल तसतसा तो एका खास मातीच्या पातळ राबडीने भरत जायचा. ती राबडी चराच्या दोन्ही कडांना धरून ठेवते. मग त्यात लोखंडी सळ्यांचा पिंजरा उभाच्या उभा सोडायचा आणि लांब नळीतून अगदी तळाशी काँक्रीट ओतायचं. काँक्रीट खालून वर येतं, राबडी वरून बाहेर पडते. अशा दोन भिंती जमिनीत उभ्या राहिल्या की मग त्यांच्या मधली माती काढायची. वर फळ्या आणि लोखंड टाकून रस्ता चालू ठेवायचा. वरून ट्राम जाते आहे, माणसं भांडत आहेत, लग्नाच्या वराती जात आहेत, आणि खाली आम्ही, असं सांगताना त्यांचे हात हवेत वरखाली व्हायचे.

मला ते ऐकायला आवडायचं. सगळ्यात जास्त आवडायचं ते दार. भुयारी स्टेशनात शिरताना आधी दोन-चार पायऱ्या वर चढायच्या आणि मग खाली उतरायचं. पावसाचं पाणी रस्त्यावर साचलं तरी आत येऊ नये म्हणून. खाली गेल्यावर आधी तिकिटांचा मजला, त्याच्या खाली फलाट. फलाट मधोमध आणि दोन्ही बाजूंना रूळ, म्हणजे कुठल्याही दिशेला जायचं असलं तरी माणूस एकाच फलाटावर उभा राहतो. वाऱ्यासाठी मोठाली नळकांडी, पाणी उपसायला तळात विहिरीएवढा खड्डा आणि त्यावर पंप. "स्टेशन म्हणजे दिसतं ते नाही," बाबा म्हणायचे. "दिसतं त्याच्यामागे जे चालू असतं ते स्टेशन."

आई हे कधीच ऐकत बसली नाही. त्यांनी सुरुवात केली की ती उठून मागच्या दारी जायची.

आळीने त्यांचं नाव पाताळ ठेवलं. आधी पाठीमागे, मग तोंडावर. लांबून बाबा दिसले की "पाताळ आलं" म्हणत माणसं दुकानाच्या आत सरकायची. वाण्याकडे दोघे-तिघे असले की एकजण मुद्दाम विचारायचा, "काका, ती राबडी काय ती सांगा ना यांना," आणि बाबा सांगायला लागले की एकेक करून सगळे निघून जायचे, शेवटी वाणी एकटा उरायचा. हा त्यांचा खेळ होता. ज्याच्यावर शेवटी ऐकायची पाळी येईल तो हरला. बाबांना खेळ कळत नव्हता, की कळूनही चालत होता, मला आजवर ठरवता आलेलं नाही.

माझं लग्न रोह्याला झालं. नवरा कंपनीत शिफ्टमध्ये, मी तिथल्या एका शाळेत शिकवायला लागले. पेणला येणं सणासुदीला. अशाच एका उन्हाळ्यात आले तर बाबांचं रूपच पालटलेलं. दाढी केलेली, इस्त्रीचा शर्ट, जमिनीवर चौकोनी कागद पसरलेले आणि त्यावर पट्टीने ओढलेल्या रेघा.

"मंडळाचा यंदाचा देखावा माझा आहे," ते म्हणाले.

त्या वर्षांत रोह्याच्या पुढे डोंगर पोखरत कोकणातली रेल्वे चालली होती. जो तो बोगद्यांबद्दल बोलत होता. आळीच्या गणेश मंडळाला त्यावरून कल्पना सुचली असावी. मंडळाचा कार्यवाह म्हणजे लाउडस्पीकर आणि मांडवाचा धंदा करणारा तिशीचा माणूस. तो आवाज काढण्यात पटाईत होता. तहसीलदाराचा, कंडक्टरचा, मेलेल्या माणसाच्या बायकोचासुद्धा आवाज काढून दाखवायचा. तोच घरी आला होता. "काका, सगळ्या जिल्ह्यात असं कुणी केलं नसंल. तुम्ही सांगाल तसं," असं म्हणून गेला होता.

आणि बाबांनी सांगितलं तसं झालं, निदान दिसायला. मांडवाच्या अर्ध्या जागेत स्टेशनचं उभं कापलेलं रूप, कांदा उभा कापल्यावर आतले थर दिसावेत तसं. वर रस्ता, त्यावर ट्राम. त्याखाली तिकीटघर, त्याखाली फलाट. ट्रकच्या वायपरच्या मोटरीवर चालणारी गाडी एका बोगद्यातून यायची आणि दुसऱ्यात जायची. कार्यकर्त्यांनी एकदा सुचवलं, बोगद्यात राक्षस ठेवू या. बाबा इतके चिडले की काम सोडून घरी आले, आणि कार्यवाह त्यांच्या मागोमाग आला.

"स्टेशनात राक्षस कशाला?"

"पब्लिकला कायतरी पाहिजे ना, काका," कार्यवाह म्हणाला. मग हसून म्हणाला, "बरं, नाय ठेवत राक्षस. तुमचं स्टेशन, तुमचंच ऱ्हाईल."

देखाव्यातली माणसं शेजारच्या गणपतीच्या कारखान्यात घडत होती. तिकिटं घेणारी बाई, बाकावरचा म्हातारा, हमाल. बाबा रोज दुपारी तिथे जाऊन बसायचे. कारखानदार त्यांना चहा द्यायचा. माती मळणारी, साचे भरणारी माणसं मान वर करून त्यांच्याकडे बघत बघत काम करायची. बाबांनी मला कौतुकाने सांगितलं, "आळीतल्यासारखी नाहीत ही माणसं. माझ्या तोंडाकडे टक लावून ऐकतात."

देखाव्यामागे वाजणारं निवेदन त्यांनी स्वतः लिहिलं आणि कार्यवाहाच्या दुकानात बसून कॅसेटवर बोलून आले. मला वाचून दाखवलं होतं. जरा लांबलं होतं, पण चांगलं होतं.

चतुर्थीच्या दिवशी मी आणि नवरा दुपारच्या गाडीने रोह्याहून पेणला आलो. उद्घाटन संध्याकाळी होतं. आईने ठेवणीतलं लुगडं नेसलेलं बघून मला नवल वाटलं. आळीच्या कुठल्याच कार्यक्रमाला ती जात नसे. त्या दिवशी आमच्या आधी मांडवात जाऊन पुढच्या रांगेत बसली होती. बाबांना व्यासपीठाच्या बाजूला खुर्ची दिली होती. गळ्यात हार होता.

पडदा सरकला. दिवे लागले, ट्राम हलली, लोकांनी टाळ्या वाजवल्या. आणि फलाटाच्या मधोमध बाबा उभे होते.

पुतळा होता तो. माणसाएवढा नाही, कमरेइतका. पण चेहरा हुबेहूब त्यांचा. गणपतीचे डोळे आखणाऱ्या हातांनी केलेला चेहरा होता. भुवयांमधली आठी, खालचा ओठ जरा पुढे आलेला, कानावरचे केस. एका हातात छत्री. डोक्यावर कामावरचं पिवळं हेल्मेट, खरंखुरं, त्या लहान डोक्यावर टोपलीसारखं पालथं घातलेलं. मोटरीवर मान सारखी होय-होय करत हलत होती आणि छत्रीचा हात वरखाली होत होता.

आणि आवाज सुरू झाला. तो बाबांचा नव्हता, कार्यवाहाचा होता, पण डोळे मिटले असते तर मीही फसले असते.

"तुमच्या पायाखाली काय आहे, सांगा बघू?"

मांडव हसला.

"माती! आणि मातीच्या खाली? राबडी! आणि राबडीच्या खाली? राबडी! अहो, जाता कुठे? बसा! भाजी सडली तरी चालंल, आधी राबडी ऐका!"

लोक एकमेकांच्या खांद्यावर पडत होते. बायका तोंडाला पदर लावून हसत होत्या. एकीने मागून माझ्या पाठीवर थाप मारली आणि म्हणाली, "अगो, थेट तुझा बापूसच!" मी बाबांकडे बघितलं. ते हार घालून ताठ बसले होते आणि चेहऱ्यावर हसू धरून ठेवलं होतं, फोटो काढणारा आता काढेल, मग काढेल, असं वाटत असताना धरतात तसं.

आवाज पुढे चालू होता. घर पडतंय, पडू दे. बायको ओरडतेय, ओरडू दे. आणि मग एकदम मोठ्याने, प्रत्येक शब्द तोडून, "काँक्रीट! मध्ये! थांबवता! येत नाही!"

सगळ्यात मोठा हशा या वाक्याला आला. त्यात आईचा आवाज होता. ती पुढच्या रांगेत बसून, दोन्ही हात मांडीवर ठेवून, तोंड उघडून हसत होती. मी तिला तशी हसताना त्याआधी कधी पाहिली नव्हती आणि नंतरही नाही.

त्या वाक्यावर लोक का हसले ते लोकांनाही ठाऊक नसावं. ते बाबांनी आळीत कधीच म्हटलं नव्हतं. ते आमच्या घरातलं वाक्य होतं.

माझ्या पाठचा एक भाऊ होता. मी दहा-अकरा वर्षांची असेन, तो माझ्याहून बराच लहान. पावसाळ्यात त्याला ताप आला. गावातून वडखळला जायचा बांध पाण्याखाली गेला होता. माझ्या काकांनी त्याला पाठीवर घेऊन कसंबसं पेणच्या दवाखान्यात पोचवलं. तिथून बाबांना तार गेली. तिसऱ्या दिवशी भाऊ गेला. बाबा आले ते सगळे दिवस-वार झाल्यावर. पिशवी ओट्यावर ठेवली, हातपाय धुतले. आईने दारात उभं राहून विचारलं, "तार मिळाली नव्हती?" ते म्हणाले, "मिळाली. पण स्लॅब चालू होता. काँक्रीट मध्ये थांबवता येत नाही." आणि मग, आजोबा समोर होते म्हणून असेल, ते समजावून सांगायला लागले. ओतणं मध्येच थांबलं तर जुन्या आणि नव्यात सांधा राहतो, सांध्यातून पाणी झिरपतं, जमिनीखाली तसं चालत नाही. आजोबांनी मान डोलावली. आई आत गेली.

त्या संध्याकाळी मांडवातून आम्ही घरी आलो. बाबांनी हार काढून खुंटीला अडकवला.

"हेल्मेट ट्रंकेत होतं," ते म्हणाले.

"व्हय," आई म्हणाली. "मी दिलं काढून."

"आणि ते वाक्य?"

"ते बी मीच सांगितलं. तो विचारायला आला होता, काका घरात काय बोलतात म्हणून. मी म्हटलं, घरात ते एकच वाक्य बोललेत."

बाबा खाली बसले. "एवढ्या लोकांत," ते म्हणाले.

"मग कुठं सांगू?" आईचा आवाज चढला नव्हता. "तुमी तिथं पंप लावून पाणी उपसत होतात. मी इथं डोक्यावर हंडे घेऊन बांधावरून चालत होते, पोर कडेवर घेऊन. तुमची पत्रं यायची. भिंत किती खोल गेली, फरशी कुठल्या रंगाची लावली. मास्तर वाचून दाखवायचे नि मी ऐकत बसायची. पोराचं नाव त्यात कधी नसायचं. गेल्यावर बी नाय."

माझा नवरा उठून बाहेर गेला. मला वाटलं आता बाबा काहीतरी बोलतील, रडतील. ते म्हणाले, "मी येऊन काय केलं असतं? मी डॉक्टर होतो?"

आईने त्यांच्याकडे बघितलं. मग ताट वाढायला घेतलं, सणाचं सगळं वाढलं, मोदकावर तूप घातलं आणि ताट त्यांच्यासमोर ठेवलं. ते जेवले. मला त्या जेवण्याचा जितका राग आला तितका त्या सगळ्या संध्याकाळी कशाचाच आला नाही.

देखावा प्रचंड चालला. वडखळहून, जित्याहून माणसं ट्रकात बसून आली. दिवसभर आमच्या खोलीत ते निवेदन ऐकू यायचं आणि त्या वाक्यानंतरचा हशा. लोक घरासमोर थांबून आत डोकावायचे. एकाने पोराला उचलून दाखवलं, "तो बघ, खरा." बाबा दार लावून बसत. आई ते उघडायची. पापड वाळवायला ऊन पाहिजे, म्हणायची.

विसर्जनानंतर तालुक्यातलं पहिलं बक्षीस मिळालं. कार्यवाह शाल आणि नारळ घेऊन आला. मी त्या दिवशी तिथेच होते. त्याला मनापासून आनंद झाला होता. त्याला वाटत होतं की त्याने बाबांचं भलंच केलं.

"काका, राग नाय ना? नुसतं स्टेशन कोण बघतं हो? तुमच्यामुळं चाललं."

"माझी कॅसेट कुठे आहे?" बाबांनी विचारलं.

"तिच्यावरच तर रेकॉर्ड केलं," तो म्हणाला.

बाबांनी शाल घेतली. त्या दिवसापासून त्यांनी आळीत कुणालाही अडवलं नाही. वाण्याकडचे लोक आता उलट त्यांना हाका मारायचे, "काका, राबडी!" आणि ते मान खाली घालून जायचे. काही दिवसांनी हाकाही थांबल्या. प्रत्युत्तर न देणाऱ्या माणसाला छेडण्यात मजा राहत नाही.

मला वाटलं होतं संपलं. पण गाजलेला देखावा कोणी टाकून देत नाही. रोह्याच्या एका मंडळाने नवरात्रासाठी तो अख्खा विकत घेतला, आणि ते मंडळ माझ्या सासरच्या रस्त्यावर होतं. एका सकाळी शाळेत जाताना टेम्पोतून बाबांचा पुतळा उतरताना मला दिसला, पायांना दोरी बांधून, डोकं खाली.

मी मंडळाच्या अध्यक्षांना भेटले. म्हटलं, स्टेशन ठेवा, एवढा पुतळा काढा, ते माझे वडील आहेत.

"ताई, त्याच्यासाठीच तर पैसे मोजले," ते म्हणाले. "स्टेशन बघायला कोण येतंय?" वर म्हणाले, "आणि कुणाला सांगू नका तुमचे वडील म्हणून. तुम्ही शाळेत शिकवता."

पुतळा कोणाचा ते सासूबाईंना पेणच्या बायकांकडून आधीच कळलं होतं, आणि माझ्या भावाची गोष्टही तशीच रोह्यात पोचली होती. त्या चांगल्या बाई होत्या, पण पाहुण्यांना तिकडे नेऊन दाखवायचा मोह त्यांना आवरायचा नाही. "व्याही बघा आमचे," असं म्हणून हसायच्या. वर्गातली पोरं मी फळ्याकडे वळले की माना होय-होय हलवायची.

अष्टमीच्या दुपारी बाबा न सांगता रोह्याला आले. तुला भेटायला आलो, म्हणाले. चहा झाला आणि म्हणाले, "चल, बघून येऊ." मी नको म्हटलं. ते एकटेच चपला घालायला लागले, म्हणून मी गेले.

प्रवासात पुतळ्याचं नाक फुटलं होतं. रोह्याच्या लोकांनी नवं नाक बसवलं होतं, लांब, आणि खाली मिशा चिकटवल्या होत्या. हेल्मेटवर लाल रंग फासला होता. निवेदनही बदललं होतं, कुणीतरी नाकात बोलणारा म्हातारा होता, राबडीच्या जागी तो शिव्या देत होता. ट्राम बंद पडली होती. गाडी एका बोगद्यातून येऊन मध्येच थरथरत उभी राहायची आणि कार्यकर्ता काठीने तिला पुढे ढकलायचा.

बाबा शेवटपर्यंत बघत उभे राहिले. कोणीही त्यांना ओळखलं नाही. मग त्यांनी त्या काठीवाल्या कार्यकर्त्याला विचारलं, "हा माणूस कोण दाखवलाय?"

"होता कोणतरी पेणला," तो म्हणाला. "येडा होता म्हणं. पोरगं मेलं तरी खड्डा खणत बसला."

"मग त्याचं काय झालं?"

"मेला असंल," कार्यकर्ता म्हणाला आणि गाडी ढकलायला वळला.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांची गाडी होती. वेळ होता म्हणून आम्ही कुंडलिकेच्या काठाने चालत गेलो. नदीला पाणी भरपूर होतं. बाबा एका पायरीवर बसले आणि नदीकडे बघत बोलायला लागले. त्यांना तसं बोलताना मी पहिल्यांदा ऐकलं, सुरुवातीचं वाक्य नाही, हातवारे नाहीत.

"तार आली तेव्हा स्लॅब चालू होता, हे खरं आहे," ते म्हणाले. "पण माझ्यासारखे अजून दोन ओव्हरसिअर होते. साहेबच म्हणाला, जा. तिकिटाचे पैसे काढून हातावर ठेवले त्याने. मी नको म्हटलं. म्हटलं, काम होऊ दे."

"का?"

"घाबरलो." त्यांनी पायरीवरचा एक खडा उचलून पाण्यात टाकला. "घरी काय असेल ते मला बघायचं नव्हतं. खाली मला सगळं येत होतं. सळ्या कुठे बांधायच्या, पाणी कुठून येईल, सगळं. घरी आलो की मला काहीच येत नसे. तुझी आई पाण्याला जायची आणि मी ओट्यावर बसायचो. पोरगं माझ्याकडे यायचं नाही, मला बघून रडायचं. त्याला बरं वाटलं की मग जाऊ, असं मी ठरवलं. आणि स्लॅब संपला त्या दिवशी दुसरी तार आली."

 त्यांना धरून रडावंसं वाटलं आणि पाण्यात ढकलून द्यावंसंही वाटलं. मी दोन्ही केलं नाही. म्हटलं, "हे आईला सांगा."

"तिला माहीत आहे," ते म्हणाले. "तिला पहिल्या दिवसापासून माहीत आहे. म्हणून तर ती हसली."

त्यांनी सांगितलं की नाही हे मला दिवाळीत कळलं. आई फराळाचं करत होती. सहज सांगावं तसं म्हणाली, "तुझा बापूस रोह्यावरनं आला नि माझ्यासमोर बसून सगळं बोलला. रडला बी."

"मग तू काय म्हणालीस?"

"म्हटलं, आता सांगून मला काय करायचंय. येता येत असून आला नाय, ते मला ठावं होतं. पण मला वाटायचं, निदान तुमचं ते स्टेशन तरी खरं होतं, त्याच्यापायी राहिलात. आता ते बी नाय." तिने करंजीची कड दाबून बंद केली. "तेवढं तरी ठेवायचं होतं माझ्यापाशी."

त्यानंतर ते दोघे त्याच दोन खोल्यांत राहिले. आईने त्यांच्या जेवणाखाण्यात, औषधपाण्यात कधी काही कमी केलं नाही. त्यांना दम लागायला लागला तेव्हा ती त्यांना धरून न्हाणीत न्यायची, अंग पुसायची, कपडे घालायची. हे सगळं ती एक शब्द न बोलता करायची, आणि त्यांच्या चेहऱ्यावरून मला कळायचं की तिने ओरडलेलं त्यांना चाललं असतं. एकदा ते मला म्हणाले, "तिला सांग, कधीतरी म्हण काहीतरी." मी आईला सांगितलं. ती म्हणाली, "काय म्हणू?" तिला खरंच ठाऊक नव्हतं.

ते गेले तेव्हा आळीतली बरीच माणसं आली. कार्यवाहाने खांदा दिला. मांडवाचा बांबू आणि दोरी त्यानेच आणली होती, पैसे घेतले नाहीत. परतताना तो मला म्हणाला, "माणूस हुशार होता. आमच्या मंडळाला तसा देखावा परत नाय जमला."

रोह्याच्या पुढची रेल्वे पूर्ण होऊन गाड्या थेट तळकोकणात जायला लागल्या होत्या. बाबा गेल्यानंतरच्या उन्हाळ्यात नवऱ्याला सुट्टी मिळाली आणि आम्ही आईला घेऊन रत्नागिरीला निघालो. तिने खिडकीजवळची जागा घेतली. रोहे सोडल्यावर काही वेळाने पहिला मोठा बोगदा आला. डब्यात अंधार झाला, मग दिवे लागले. लोक पोरांसारखे ओरडले. आईने हात खिडकीच्या गजांवरून काढून मांडीवर घेतले आणि बाहेर सरकणाऱ्या ओल्या दगडाकडे बघत राहिली.

"हे खणताना माणसं मेली असतील?" तिने विचारलं.

"मेली असतील."

"त्यांच्या घरी सांगायला कोण गेलं असंल?"

"कंपनीची माणसं जात असतील," मी म्हटलं.

तिने मान हलवली. बोगदा संपत नव्हता. तिने पिशवीतून डबा काढला, झाकण उघडलं, घावण्याचा एक तुकडा मोडून माझ्या हातावर ठेवला आणि दुसरा जावयाला दिला. "खा," म्हणाली. "मऊ हायेत तवर खा."